बॉनो, फ्रांस्वाझ

बॉनो, फ्रांस्वाझ : (१७ ऑगस्ट १९३९–९ जून २०१८). विख्यात फ्रेंच चित्रपट-संकलक. ‘झेड’ (१९६९) या राजकीय चित्रपटाच्या संकलनाबद्दल ऑस्कर पारितोषिकाची मानकरी. कोस्ता-गाव्हरास, झां-प्येअर मेलव्हील, रोमान पोलान्स्की, झां-झाक आनो, मायकेल चिमिनो, ज्यूली टेमॉर अशा भिन्न प्रकृतींच्या दिग्दर्शकांबरोबर तिने सु. पन्नास वर्षे काम केले. प्रत्यक्ष घडलेल्या हत्या, खोटे खटले आणि छळ यांवर आधारलेल्या चित्रपटांचे संकलन हा तिच्या कार्याचा सर्वांत महत्त्वाचा भाग होय. अशा चित्रपटांत कोणती घटना आधी दाखवावी, कोणती मागाहून, आणि किती वेळ, हा प्रश्न केवळ कलेचा राहत नाही. तो साक्षीपुराव्याच्या मांडणीचा व म्हणून न्यायबुद्धीचाही प्रश्न होतो. तिच्या कारकीर्दीचे महत्त्व या दृष्टीने पाहावे लागते.

जीवन व उमेदवारी : तिचा जन्म पॅरिसच्या वायव्येस असलेल्या ब्वा-कोलोंब या उपनगरात झाला. तिची आई मॉनिक बॉनो ही स्वतः नामांकित संकलक होती. मेलव्हीलच्या ‘ल दूलोस’ (१९६२) व ‘ल सामुराई’ (१९६७) या चित्रपटांच्या संकलनाशी तिचे नाव निगडित आहे. आईच्या हाताखालीच फ्रांस्वाझने या व्यवसायाचे धडे घेतले. वयाची पंचविशी गाठण्यापूर्वीच आंरी व्हेर्नय या लोकप्रिय दिग्दर्शकाच्या ‘मेलोदी आं सू-सोल’ (१९६३, ‘तळघरातील सुरावट’) या चित्रपटाची संकलक म्हणून तिचे नाव पडद्यावर आले. पुढे व्हेर्नयशी तिचा विवाह झाला. तो कालांतराने संपुष्टात आला.

कान येथील जुगारगृहावरील दरोडा हा ‘मेलोदी’चा विषय. त्याचा शेवटचा प्रसंग पोहण्याच्या तलावाकाठी घडतो. लुटीच्या पिशव्यांची वर्णने पोलिसांच्या हाती आलेली असतात. दोघे दरोडेखोर, झां गाबँ आणि आलँ दलाँ, तलावाच्या दोन बाजूंस परस्परांशी न बोलता बसलेले असतात. एकाचा चेहरा, दुसऱ्याचा चेहरा, पोलिसांचे पाय, पिशव्या आणि अखेर पाण्यावर तरंगत येणाऱ्या नोटा, इतक्याच सामग्रीवर ताण वाढत जातो. पात्रांना न बोलविता केवळ दृष्टिक्षेपांच्या मांडणीतून अर्थ उभा करण्याचे हे कसब तिच्या पुढील कामातही दिसते.

फ्रान्समध्ये संकलन हा दीर्घकाळ बव्हंशी स्त्रियांचा व्यवसाय होता. मूकपटांच्या काळात फिती कापण्याचे व जोडण्याचे काम प्रयोगशाळांतील स्त्री-कामगारांकडे असे. बोटांचे कौशल्य लागणारे पण बुद्धीचे नव्हे, असा या कामाविषयी समज होता. त्या परंपरेतूनच मार्गेरीत रन्वार, आन्येस गिय्मो, सेसील दक्यूजी यांसारख्या संकलक पुढे आल्या. १९५० नंतरच्या फ्रेंच समीक्षेने दिग्दर्शकालाच चित्रपटाचा एकमेव कर्ता मानले, त्यामुळे यांच्या कार्याची चर्चा तुलनेने कमी झाली. आईकडून मुलीकडे आलेली बॉनो घराण्यातील विद्या ही या अबोल परंपरेचे एक ठळक उदाहरण होय.

संकलनाचे स्वरूप : बॉनोच्या कार्याचा विचार करण्यापूर्वी तिच्या काळी हे काम कसे चाले, ते पाहणे आवश्यक आहे. चित्रपटाचे चित्रीकरण कथेच्या क्रमाने होत नाही. स्थळ, हवामान आणि नटांची उपलब्धता यांच्या सोयीने ते होते, आणि एकच प्रसंग अनेक कोनांतून व अनेक वेळा टिपला जातो. रशप्रिंट पाहून त्यांतील योग्य शॉट निवडणे, त्यांचा क्रम लावणे, प्रत्येकाची लांबी ठरविणे आणि त्यांना संवाद, आवाज व संगीत यांची जोड देणे, हे संकलकाचे काम होय. ३५ मिमी. रुंदीच्या फितीवर दर सेकंदास २४ चौकटी पडद्यावर येतात. ‘झेड’ची लांबी १२७ मिनिटे आहे, म्हणजे सु. ३,४७५ मी. फीत आणि १,८२,८८० चौकटी. वापरलेल्या या फितीच्या कित्येक पट फीत चित्रित झालेली असते. एखादा कट चार चौकटी अलीकडे घेतला तर पात्र उतावीळ भासते, चार चौकटी पलीकडे नेला तर तेच पात्र विचारी भासते.

पूर्वी फितीचे तुकडे द्रव सरसाने जोडीत. असा जोड उकलताना चौकट वाया जाई, म्हणून संकलक जोखीम घेण्यास कचरत. १९६० च्या सुमारास पारदर्शक चिकटपट्टीने फीत जोडण्याची पद्धत रूढ झाली. एक जोड करून पाहावा, तो न पटल्यास सोडवावा आणि दुसरा करून पाहावा, हे आता सहज शक्य झाले. ध्वनी वेगळ्या चुंबकीय पट्टीवर असल्याने तो चित्राच्या थोडा आधी किंवा नंतर आणता येई. बॉनोच्या पिढीने वेगवान आणि काळाच्या पातळ्या सरमिसळ करणारे संकलन विकसित केले, त्यामागे या साध्या साधनाचाही वाटा आहे.

‘झेड’ : ग्रीसमधील संसद-सदस्य व शांतता-चळवळीचे कार्यकर्ते ग्रिगोरीस लांब्राकीस यांच्यावर २२ मे १९६३ रोजी थेसालोनिकी येथे सभेनंतर भर रस्त्यात हल्ला झाला. धावत्या तीनचाकी वाहनातून त्यांच्या डोक्यावर प्रहार करण्यात आला व २७ मे रोजी त्यांचे निधन झाले. अधिकाऱ्यांनी हा वाहन-अपघात असल्याचे भासविले. तथापि ख्रीस्तोस सार्त्झेताकीस या तरुण तपास-न्यायाधीशाने पोलीस-अधिकाऱ्यांचा हात उघड केला. या प्रकरणावर व्हासिलीस व्हासिलिकोस याने १९६६ मध्ये कादंबरी लिहिली. २१ एप्रिल १९६७ रोजी ग्रीसमध्ये लष्कराने सत्ता बळकावली. फ्रान्समध्ये स्थायिक झालेल्या कोस्ता-गाव्हरासने होर्हे सेंप्रूनच्या साहाय्याने तिच्यावरून पटकथा सिद्ध केली. अल्जीरियाच्या सहकार्याने अल्जिअर्स येथे चित्रीकरण झाले. छायाचित्रण राऊल कूतारचे होते. संगीत मीकीस थेओदोराकीस याचे होते. तो त्या वेळी ग्रीसमध्ये स्थानबद्ध असल्याने त्याच्या आधीच्याच रचना वापरण्यात आल्या.

प्रेक्षकाला शेवट ठाऊक आहे, तरीही त्याला खिळवून ठेवावयाचे, आणि त्याच वेळी एकेक साक्ष त्याच्यासमोर स्वच्छ ठेवावयाची, असे दुहेरी काम या चित्रपटाच्या संकलनापुढे होते. त्यासाठी योजिलेली तीन साधने विशेष लक्षात घेण्यासारखी आहेत.

पहिले साधन हल्ल्याच्या पुनरावृत्तीचे. डोक्यावरील तडाखा प्रथम आपल्यासमोर एका क्षणात घडून जातो. गर्दी, वाहन, उगारलेला हात, कोसळणारा देह. काय घडले हे त्या क्षणी पुरते उमगत नाही. पुढे साक्षीदारांच्या जबान्यांमधून तोच प्रसंग तुकड्यातुकड्यांनी परत येतो व दर वेळी त्यात नवा तपशील दिसतो. प्रेक्षकाचे अज्ञान तपास-न्यायाधीशाच्या अज्ञानाबरोबरच कमी होत जाते. पहिल्या वेळी सर्व काही स्पष्ट दाखविले असते, तर पुढील तपास निव्वळ औपचारिक ठरला असता.

दुसरे साधन स्मृतीच्या लखलखाटाचे. हल्ल्यापूर्वी चौकातून चालणाऱ्या संसद-सदस्याच्या (ईव्ह माँतां) आणि रुग्णालयात आलेल्या त्याच्या पत्नीच्या (आयरीन पापास) मनात गतकाळाची चित्रे चमकून जातात. तोपर्यंतच्या रूढ चित्रपटांत भूतकाळात जाताना चित्र विरघळत असे, संगीत बदलत असे आणि प्रेक्षकास सूचना मिळत असे. येथे कसलीही सूचना न देता, काही वेळा सेकंदभरही न टिकणारे शॉट वर्तमानात सरळ घुसविले आहेत. ते कथा पुढे नेत नाहीत. ज्याचा खून झाला तो एक चुका केलेला, पत्नीला दुखावलेला माणूस होता, एवढेच सांगून निघून जातात. हुतात्म्याची मूर्ती न बनविता माणूस जिवंत ठेवण्याचे काम या काही चौकटींनी केले आहे.

तिसरे साधन आवर्तनाचे. अखेरीस तपास-न्यायाधीश (झां-ल्वी त्रँतीन्यां) उच्चपदस्थ अधिकाऱ्यांवर एकामागून एक आरोप ठेवतो. प्रत्येक वेळी तोच क्रम आहे : गणवेशावरील पदके, नाव व हुद्दा विचारणारा निर्विकार आवाज, टंकलेखनयंत्राच्या कळा, अधिकाऱ्याचा संताप आणि बाहेर पडताना कुलूपबंद दाराशी होणारी त्याची फजिती. हा क्रम एकदा पाहिल्यावर प्रेक्षकास तो ठाऊक होतो. म्हणून पुढच्या प्रत्येक वेळी तो अधिकाधिक आटोपशीर करता येतो. कायद्याची यंत्रणा अखेर फिरू लागल्याचा आनंद प्रेक्षकास या लयीतून मिळतो. त्यानंतर लगेच, कोरड्या वृत्तनिवेदनाच्या स्वरात, साक्षीदार कसे मेले, आरोपी कसे सुटले आणि लष्करी राजवटीने कशाकशावर बंदी घातली, याची यादी येते. सोफोक्लीझ, टॉलस्टॉय आणि शेवटी ‘तो जिवंत आहे’ या अर्थाने भिंतींवर लिहिले जाणारे ‘झेड’ हे अक्षरही तीत आहे. आधीच्या दृश्याने दिलेला आनंद ही यादी हिरावून घेते. दोन्ही भाग परस्परांशेजारी असल्यामुळेच तो आघात तीव्र होतो.

‘झेड’ला १९६९ च्या कान महोत्सवात परीक्षक-मंडळाचे पारितोषिक, तर त्रँतीन्यांला सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचे पारितोषिक मिळाले. १९७० मध्ये सर्वोत्कृष्ट परभाषिक चित्रपट (अल्जीरियाच्या वतीने) व सर्वोत्कृष्ट संकलन अशी दोन ऑस्कर पारितोषिके त्याने मिळविली. संकलनाच्या स्पर्धेत ‘मिडनाइट काउबॉय’, ‘दे शूट हॉर्सेस, डोन्ट दे?’, ‘हॅलो, डॉली!’ व ‘द सीक्रेट ऑफ सांता व्हिटोरिया’ हे अमेरिकन चित्रपट होते. बॉनोचे वय त्या वेळी अवघे तीस वर्षांचे होते.

‘लार्मे देझोंब्र’ : त्याच वर्षी, १९६९ मध्ये, बॉनोने संकलित केलेला मेलव्हीलचा ‘लार्मे देझोंब्र’ (‘छायांची सेना’) प्रदर्शित झाला. झोझेफ केसेलच्या १९४३ सालच्या कादंबरीवर आधारलेला हा चित्रपट जर्मन अंमलाखालील फ्रान्समधील भूमिगत प्रतिकाराविषयी आहे. विषय येथेही राजकीय हिंसेचाच. पण संकलनाची रीत ‘झेड’च्या नेमकी उलट आहे. येथे शॉट दीर्घ आहेत आणि कट अगदी मोजके आहेत. फितूर झालेल्या तरुण सहकाऱ्यास ठार मारण्याचा प्रसंग घ्यावा. शेजारच्या घरात माणसे असल्याने पिस्तूल झाडता येत नाही. कोणी यापूर्वी माणूस मारलेला नाही. अखेर टॉवेलने गळा आवळावा लागतो. हे सारे ठरविण्यास लागणारा वेळ पडद्यावर जवळजवळ पुरता दिलेला आहे. वेगवान संकलनाने या कृत्यास शौर्याची झाक आली असती. येथे प्रेक्षकास नजर वळविण्यासाठी दुसरा शॉटच मिळत नाही. गेस्टापोच्या कैदेतून निसटलेला जेर्बिए (लिनो व्हेंच्युरा) दाढी करून घेण्यासाठी केशकर्तनालयात शिरतो. भिंतीवर मार्शल पेताँची प्रशस्ती करणारे भित्तिपत्रक आहे. वस्तरा गळ्याशी आहे. न्हावी शत्रू की मित्र, हे तो शेवटी निमूटपणे दुसरा कोट पुढे करतो तेव्हाच कळते.

चित्रपटाचा आरंभ आर्क द त्रिओंफ या विजयकमानीसमोरून शाँझेलिझे मार्गावर संचलन करीत येणाऱ्या जर्मन सैनिकांच्या शॉटने होतो. हा शॉट प्रथम चित्रपटाच्या अखेरीस होता. नंतर मेलव्हीलने तो आरंभी आणला. हा बदल संकलनाच्या सामर्थ्याचा उत्तम नमुना आहे. एकही चौकट नव्याने चित्रित केलेली नाही. परंतु अखेरीस तो शॉट पराभवाचा निष्कर्ष ठरला असता. आरंभी आल्याने तो परिस्थितीचे कथन होतो, आणि शेवटचा शब्द मृत्युमुखी पडलेल्या कार्यकर्त्यांच्या नामोल्लेखास मिळतो. प्रदर्शनाच्या वेळी फ्रान्समधील अनेक तरुण समीक्षकांस हा चित्रपट द गॉलच्या पक्षाचा गौरव करणारा वाटला व त्यांनी त्याकडे पाठ फिरविली. अमेरिकेत तो २००६ मध्ये प्रथम प्रदर्शित झाला आणि तेव्हा श्रेष्ठ कृती म्हणून नावाजला गेला.

एकाच वर्षी, एकाच हातून, दोन टोकांच्या लयींचे दोन चित्रपट साकार झाले. संकलकाची ‘शैली’ म्हणून जे म्हटले जाते, ते वेगवान कटांत किंवा संथ शॉटांत नसते, हे त्यावरून दिसते. विशिष्ट प्रसंगाचा प्रेक्षकाने किती काळ आणि कोणत्या क्रमाने सामना करावा, याविषयीच्या निर्णयात ते असते. असे निर्णय दिग्दर्शक व संकलक मेजाशी एकत्र बसून घेतात. त्यांतील कोणता कोणाचा, हे पडद्यावरून सांगता येत नाही. मात्र ‘झेड’मधील लखलखत्या स्मृती आणि ‘लार्मे देझोंब्र’मधील कठोर स्तब्धता या दोन्हींना न्याय देणारी दृष्टी बॉनोपाशी होती, एवढे निश्चित.

अन्य राजकीय चित्रपट : कोस्ता-गाव्हरासशी तिचे सहकार्य पुढेही टिकले. ‘लाव्ह’ (१९७०, ‘कबुलीजबाब’) हा चेकोस्लोव्हाकियातील १९५२ च्या स्लान्स्की खटल्यावर आधारित आहे. त्या खटल्यात चौदा आरोपींपैकी अकरांना फाशी झाली. जन्मठेपेतून पुढे सुटलेल्या आर्तुर लंडनच्या आठवणींवरून पटकथा तयार झाली. कैद्यास झोपू न देणे, अखंड चालविणे आणि तोच प्रश्न पुनःपुन्हा विचारणे, हे छळाचे स्वरूप असल्यामुळे येथे आवर्तनाचा अर्थ ‘झेड’च्या उलट होतो : तेथे ते न्यायाच्या गतीचे द्योतक होते, येथे ते इच्छाशक्ती झिजविणारे यंत्र आहे. चौकशीच्या मध्येच एकाएकी पुढील काळ येतो. सुटलेला नायक मित्रांना आपली कहाणी सांगत असलेला दिसतो. तो जगणार हे मध्यावरच उघड केल्याने ‘तो वाचेल काय’ हा प्रश्न निकालात निघतो आणि ‘निष्ठावंत माणसाने न केलेला गुन्हा का कबूल केला’ हा खरा प्रश्न उरतो.

‘एता द स्येझ’ (१९७२, ‘वेढ्याची स्थिती’) हा उरुग्वायमधील तूपामारो गनिमांनी १९७० मध्ये केलेल्या डॅन मिट्रिओन या अमेरिकन सल्लागाराच्या अपहरणावर व हत्येवर आधारला असून त्याचे चित्रीकरण सॅल्व्हादोर आयेंदेच्या राजवटीत चिलीमध्ये झाले. चित्रपट प्रेताच्या शोधाने सुरू होतो आणि नंतर मागे जाऊन मृत्यूची कारणे उलगडतो. ओलिसास मारावे की सोडावे, याविषयी गनिमांचा प्रतिनिधी शहरातील बसगाड्यांतून एकेका सहकाऱ्याचे मत गोळा करतो. त्या दृश्यातील उतारूंची चढ-उतार आणि आवाज न चढविता दिलेली मते यांच्या सपाट मांडणीमुळे निर्णयाची भीषणता अधिकच जाणवते. ‘सेक्स्यों स्पेस्याल’ (१९७५, ‘विशेष न्यायासन’) या चित्रपटात व्हिशी सरकारने १९४१ मध्ये पूर्वलक्षी कायदा करून चालविलेल्या खटल्यांचे चित्रण आहे.

‘मिसिंग’ (१९८२) हा कोस्ता-गाव्हरासचा अमेरिकेतील पहिला चित्रपट. ११ सप्टेंबर १९७३ च्या लष्करी उठावानंतर चिलीमध्ये बेपत्ता झालेल्या चार्ल्स हॉर्मन या अमेरिकन तरुणाचा शोध त्याचे वडील (जॅक लेमन) आणि पत्नी (सिसी स्पेसेक) घेतात. प्रत्येक साक्षीदार जे सांगतो ते आपल्याला दिसते. पण या जबान्या एकमेकींशी पूर्णपणे जुळत नाहीत, आणि कोणतीही एक जबानी अखेरचे सत्य म्हणून दाखविली जात नाही. ‘झेड’मध्ये तुकडे जुळून संपूर्ण चित्र तयार झाले होते, ‘मिसिंग’मध्ये मधली जागा अखेरपर्यंत रिकामीच राहते, कारण बेपत्ता माणसाच्या आप्तांचा अनुभवच तसा असतो. संचारबंदीच्या रात्री ओसाड रस्त्यावरून धावणारा पांढरा घोडा आणि त्याच्यामागे गोळीबार करीत जाणारे सैनिक, हे या चित्रपटातील दृश्य कथेस आवश्यक नसूनही स्मरणात राहते. या चित्रपटास १९८२ च्या कान महोत्सवात यिल्माझ ग्यूनेच्या ‘योल’बरोबर सर्वोच्च पारितोषिक विभागून मिळाले, बॉनोला संकलनाबद्दल ब्रिटिश चित्रपट व दूरचित्रवाणी अकादमीच्या पारितोषिकाने गौरविण्यात आले. ‘हॅना के.’ (१९८३) व ‘मॅड सिटी’ (१९९७) हे या दोघांचे आणखी काही चित्रपट होत.

इतर कार्य : रोमान पोलान्स्कीच्या ‘ल लोकातेर’ (१९७६, ‘भाडेकरू’) या चित्रपटात एका बुजऱ्या कारकुनाचे मन हळूहळू भ्रमिष्ट होत जाते. कोणता शॉट वास्तव आणि कोणता भासाचा, याची सीमारेषा तेथे जाणूनबुजून पुसट ठेवली आहे. त्याच वर्षी तिने आफ्रिकेतील वसाहतवाल्यांचा उपहास करणाऱ्या आनोच्या ‘ला व्हिक्त्वार आं शांतां’ या पहिल्या चित्रपटाचे संकलन केले; आयव्हरी कोस्टच्या वतीने पाठविलेल्या या चित्रपटास परभाषिक चित्रपटाचे ऑस्कर मिळाले. मार्सेल प्रूस्तच्या कादंबरीवरून फोल्कर श्ल्योंडोर्फने काढलेला ‘अं आमूर द स्वान’ (१९८४) हाही तिच्या कामांत उल्लेखनीय आहे.

अमेरिकेत तिने मायकेल चिमिनोच्या ‘इयर ऑफ द ड्रॅगन’ (१९८५) व ‘द सिसिलियन’ (१९८७) या चित्रपटांचे संकलन केले. ‘द सिसिलियन’च्या लांबीवरून दिग्दर्शक व निर्माते यांच्यात वाद होऊन तो न्यायालयापर्यंत गेला आणि अमेरिकेत सु. ११५ मिनिटांची आखूड आवृत्ती प्रदर्शित झाली. युरोपात अधिक लांबीची आवृत्तीही दाखविण्यात आली. अखेरचा कट कोणाच्या हाती, हा प्रश्न अमेरिकन व्यवसायात कराराचा असतो. फ्रान्समध्ये लेखक-दिग्दर्शकाचा नैतिक हक्क कायद्याने मान्य केला आहे. दोन्हीकडे काम केलेल्या बॉनोच्या कारकीर्दीत हा भेद स्पष्टपणे दिसतो.

कारकीर्दीच्या उत्तरार्धात रंगभूमीवरून चित्रपटांकडे वळलेल्या ज्यूली टेमॉरच्या ‘टायटस’ (१९९९), ‘फ्रिडा’ (२००२), ‘अक्रॉस द युनिव्हर्स’ (२००७) व ‘द टेंपेस्ट’ (२०१०) या चार चित्रपटांचे संकलन तिने केले. तोपर्यंत कात्री व चिकटपट्टीची जागा संगणकाने घेतली होती. ‘फ्रिडा’मध्ये मेक्सिकन चित्रकर्ती फ्रिडा कालो हिची चित्रे सजीव होतात आणि प्रसंग चित्रांत गोठतात, १९२५ मधील तिच्या बस-अपघातानंतर लगेच बाहुल्यांच्या सचेतनपटातील सांगाडे रुग्णालयात वावरताना दिसतात. ‘अक्रॉस द युनिव्हर्स’ तर बीटल्सच्या तीसहून अधिक गीतांवर उभा आहे, म्हणजे तेथे शॉटांची लांबी बव्हंशी गीताच्या तालाशी बांधलेली आहे. साठी-सत्तरीच्या वयात तिने ही सर्वस्वी वेगळी साधने व कल्पनारम्य विषय सहज आत्मसात केले.

आक्षेप व मूल्यमापन : ‘झेड’ आणि त्यानंतरच्या चित्रपटांवर डाव्या विचारांच्या काही फ्रेंच समीक्षकांनी गंभीर आक्षेप घेतला. रहस्यपटाची उत्कंठा वापरून राजकीय विषय मांडल्यास प्रेक्षक विचार न करता केवळ हेलावतो, खलनायकांचा द्वेष करून समाधानाने घरी जातो आणि त्यांना जन्म देणारी व्यवस्था त्याच्या नजरेआड राहते, असा त्यांचा मुद्दा होता. हा आक्षेप प्रामुख्याने संकलनावरच होता. कारण उत्कंठा ही लयीतून निर्माण होते. तो सर्वस्वी निराधार म्हणता येणार नाही. ‘झेड’मधील अधिकाऱ्यांच्या फजितीचे दृश्य प्रेक्षकास सुखावते, यात शंका नाही. तथापि त्या सुखानंतरची कोरडी यादी, ‘लाव्ह’मध्ये मध्यावरच उघड केलेला शेवट आणि ‘मिसिंग’मध्ये रिकामी ठेवलेली जागा पाहता, उत्कंठा निर्माण करून तिला योग्य क्षणी आवर घालण्याची जाणीवही त्याच संकलनात होती, असे म्हणावे लागते. शिवाय, ज्या देशांत हे गुन्हे घडले तेथे त्या काळी त्यांविषयी उघड बोलणे अशक्य होते. दूरच्या प्रेक्षकांपर्यंत ते पोहोचविण्यासाठी उत्कंठेचा अवलंब करणे हा व्यवहार्य मार्ग होता. ग्रीसमधील लष्करी राजवट १९७४ मध्ये कोसळली; सार्त्झेताकीस १९८५ ते १९९० या काळात त्या देशाचे राष्ट्राध्यक्ष होते.

कापण्या-जोडण्याचे दुय्यम काम मानल्या गेलेल्या व्यवसायात बॉनोने आयुष्य घालविले. खुनाची हकिगत सांगताना मृताचा सन्मान राखणे, साक्षीदारास त्याचे म्हणणे पुरे करू देणे आणि प्रेक्षकास निष्कर्षापर्यंत स्वतः पोहोचू देणे, या गोष्टी शॉटांच्या क्रमावर व लांबीवर अवलंबून असतात, याचा प्रत्यय तिच्या चित्रपटांतून येतो. वयाच्या ७८ व्या वर्षी पॅरिस येथे तिचे निधन झाले.